कुटज, कुडा आणि चिंतामणराव

मागल्या वर्षी आम्हाला संस्कृतला 'मेघदूत' होते. परीक्षेत 'कुटज' या शब्दावर टीप आली. एक पांढरे रानफूल, यक्षाने मेघाला वाहिलेले, एवढे लिहून मी गुण मिळवले. मग सुटीत पेणहून रोह्याला आजोळी गेले. आजीने कुड्याच्या फुलांची भाजी वाढली. फडताळात कुटजारिष्टाची बाटली होती. ती पाहून मी सहज विचारले, तेव्हा आजीने परसामागच्या टेकडीवरचे झाड दाखवले. कुटज म्हणजे कुडा! मी ज्याच्यावर टीप लिहिली ते झाड लहानपणापासून माझ्या डोळ्यांसमोर होते. मला फार ओशाळल्यासारखे झाले.

त्याच रोह्यात एक असा मुलगा वाढला, ज्याची अशी फजिती झाली नसती. चिंतामण द्वारकानाथ देशमुख. 14 जानेवारी 1896 रोजी महाडजवळच्या नाते गावी त्यांचा जन्म झाला. वडील वकील, घराणे रोह्याचे. 1912 च्या मॅट्रिक परीक्षेत ते पहिले आले आणि संस्कृतची जगन्नाथ शंकरशेट शिष्यवृत्ती त्यांनी पटकावली. एल्फिन्स्टन कॉलेजात शिकून 1915 मध्ये ते केंब्रिजला गेले. संस्कृतात पहिला आलेला हा विद्यार्थी तेथे काय शिकला? वनस्पतिशास्त्र, रसायनशास्त्र आणि भूगर्भशास्त्र! 1917 मध्ये वनस्पतिशास्त्राचे फ्रँक स्मार्ट पारितोषिक त्यांना मिळाले.

आपल्या रानातून तिकडच्या रानात जाणे म्हणजे केवढा पालट! केंब्रिजला वर्षभर थोडा थोडा करून सहाशे मिलिमीटरही पाऊस पडत नाही. रोह्याला चार महिन्यांतच तीन हजारांहून अधिक कोसळतो. ब्रिटनच्या मूळच्या वृक्षांच्या जाती मोजल्या तर फार तर साठेक भरतात. हिमयुगात बर्फाने तिथली रानेच्या राने पुसली; बर्फ वितळल्यावर युरोपातून झाडे परत येऊ लागली, तोच सुमारे आठ हजार वर्षांपूर्वी समुद्राने वाट अडवली. ओक, बीच, ॲश अशी मोजकी झाडे मैलोन्‌मैल राज्य करतात. आपल्याकडे एकाच टेकडीवर साग, ऐन, किंजळ, कुडा, पळस शेजारी नांदतात आणि ओलसर घळीत सदाहरित झाडेही तग धरून असतात.

पानगळ दोन्हीकडे होते, पण कारण वेगळे. तिकडे ऑक्टोबर-नोव्हेंबरात थंडीमुळे मुळांना पाणी ओढता येत नाही, उजेडही उणावतो, म्हणून झाड पाने टाकते. आपल्याकडे पाऊस संपून महिने लोटतात, माती कोरडी पडते, म्हणून माघ-फाल्गुनात ऐन-साग उघडे होतात. एकाला हिवाळा तारायचा असतो, दुसऱ्याला उन्हाळा. हवामान झाडाला घडवते ते असे.

1918 मध्ये आय.सी.एस. परीक्षेत चिंतामणराव पहिले आले आणि वनस्पतिशास्त्र मागे पडले. नोकरी मिळाली मध्य प्रांतात. परंपरेने ज्याला यक्षाचा रामगिरी मानतात ते रामटेक त्याच प्रांतातले! पुढे 1943 मध्ये ते रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर झाले. 1944 मध्ये ब्रेटन वुड्स परिषदेला गेले. 1950 पासून देशाचे अर्थमंत्री होते. 1952 मध्ये आपल्याच, तेव्हाच्या कुलाबा जिल्ह्याने त्यांना लोकसभेवर निवडून दिले. मुंबई महाराष्ट्राला नाकारली जात आहे हे पाहून 1956 मध्ये त्यांनी मंत्रिपद सोडले. त्यानंतर विद्यापीठ अनुदान आयोगाचे ते अध्यक्ष झाले आणि 1962 ते 1967 दिल्ली विद्यापीठाचे कुलगुरू. एवढ्या व्यापात बागेचा छंद सुटला नाही, संस्कृतही सुटले नाही. 'मेघदूत' त्यांनी मराठी पद्यात आणले. 2 ऑक्टोबर 1982 रोजी हैदराबादला त्यांचे निधन झाले.

या थोर पुरुषाच्या पदांची यादी आपण जयंतीला वाचतो. मला मात्र त्यांच्यातले वेगळेच काही आठवत राहते. कुटजाचा श्लोक आणि कुड्याचे झाड या दोन्हींची ओळख एकाच माणसाला होती. आपण दहावीलाच वाटणी करून घेतली. झाडे विज्ञान शाखेची, श्लोक आपले. आणि आजी? ती तर दोन्ही शाखांबाहेरची, म्हणून तिला कोणी विचारतच नाही.

परवा रोह्याला गेले तेव्हा परसामागच्या टेकडीचा अर्धा उतार मुरुमासाठी खणलेला दिसला. ज्या ओढ्यावर आजी पूर्वी शिमग्यापर्यंत धुणे धुवायची, तो आता पौषातच आटतो. रान पाऊस मुरवून हळूहळू सोडते. रान गेले की पाणी धावत खाडीला जाते. त्या उतारावर कोणकोणती झाडे होती, हे मला कोणी विचारले असते तर मला एकट्या कुड्याचेच नाव सांगता आले असते.

म्हणून या सुटीत मी एक वही केली आहे. आजी झाडाचे नाव सांगते, मी ते लिहून घेते आणि शेजारी संस्कृत नाव शोधून लिहिते. आतापर्यंत सदतीस झाली. आजी ब्याऐंशी वर्षांची आहे आणि टेकडीचा अर्धा उतार उरला आहे. घाई केली पाहिजे.