सामान्यांचा कैवारी : विल्यम जेनिंग्ज ब्रायन

निवडणुकीत एकदा हरलेल्या माणसालाही लोक लवकर विसरतात. अमेरिकेच्या अध्यक्षपदासाठी तीन वेळा उभे राहून तिन्ही वेळा पराभूत झालेले विल्यम जेनिंग्ज ब्रायन मात्र आजही लोकांच्या लक्षात आहेत. पण ते भलत्याच कारणासाठी. बायबलमधील सृष्टिकथा आणि उत्क्रांतिवाद यांच्या झगड्याचा विषय निघाला, की १९२५ सालच्या डेटन येथील खटल्याची हकीकत सांगितली जाते आणि तीत ब्रायन हे हेकट, हास्यास्पद वृद्ध गृहस्थ म्हणून उभे केले जातात. माझ्याही वाचनात ते प्रथम असेच आले. पुढे त्यांचे चरित्र पाहिले, तेव्हा कर्जबाजारी शेतकऱ्याची बाजू आयुष्यभर तळमळीने मांडणारा एक मोठा नेता समोर आला. असा माणूस अखेरीस विज्ञानाच्या विरोधात का उभा राहिला? या प्रश्नाचे उत्तर शोधण्याचा हा अल्पसा प्रयत्न आहे.

ब्रायन यांचा जन्म १९ मार्च १८६० रोजी इलिनॉय राज्यातील सेलम या गावी झाला. वडील सायलस ब्रायन वकील होते आणि न्यायाधीशही झाले. घर अत्यंत धार्मिक. वडील बॅप्टिस्ट पंथाचे, आई मेथडिस्ट, आणि मुलगा चौदाव्या वर्षी प्रेस्बिटेरियन पंथात गेला. जॅक्सनव्हिल येथील इलिनॉय कॉलेजातून १८८१ मध्ये ते पदवीधर झाले व नंतर शिकागोत कायदा शिकले. १८८४ मध्ये मेरी बेअर्ड यांच्याशी त्यांचा विवाह झाला. लग्नानंतर मेरीबाईही कायदा शिकल्या आणि १८८८ मध्ये त्यांनी वकिलीची सनद मिळवली. पतीच्या सार्वजनिक कार्यात त्या अखेरपर्यंत सहकारी होत्या.

१८८७ मध्ये ब्रायन नेब्रास्का राज्यातील लिंकन या शहरी राहावयास आले. हा मका-गव्हाचा मुलूख. तिथला शेतकरी त्या काळी विचित्र संकटात सापडला होता. १८७३ पासून चांदीची नाणी मुक्तपणे पाडण्याचे बंद होऊन चलन सोन्याला बांधले गेले होते. उत्पादन वाढत होते, पण त्या मानाने पैसा वाढत नव्हता; म्हणून मालाचे भाव वर्षानुवर्षे घसरत होते. कर्जाचा आकडा मात्र तोच राही. तेवढेच कर्ज फेडायला शेतकऱ्याला दरवर्षी जास्त पोती विकावी लागत. त्यातच रेल्वे कंपन्यांचे मनमानी भाडे. सोन्याबरोबर चांदीचीही नाणी सोळास एक या प्रमाणात पाडावीत, म्हणजे पैसा खेळू लागेल, अशी मागणी या भागातून उठली आणि ब्रायन तिचे प्रवक्ते झाले. हा उपाय योग्य होता की नाही यावर अर्थशास्त्रज्ञांत मतभेद आहेत. दुखणे मात्र खरे होते.

१८९० मध्ये ते काँग्रेसवर निवडून गेले. ९ जुलै १८९६ रोजी शिकागोला डेमोक्रॅटिक पक्षाच्या अधिवेशनात त्यांनी जे भाषण केले, ते सोन्याच्या क्रुसाचे भाषण म्हणून इतिहासात अमर झाले. ध्वनिवर्धक नसलेल्या त्या काळात हजारोंच्या सभागृहात त्यांचा आवाज शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचला. दुसऱ्याच दिवशी पक्षाने त्यांना अध्यक्षपदाची उमेदवारी दिली. तेव्हा त्यांचे वय होते अवघे ३६! रेल्वेने सुमारे १८,००० मैल हिंडून त्यांनी जवळजवळ ६०० भाषणे केली. प्रतिस्पर्धी मॅकिन्ली यांच्यामागे बड्या भांडवलदारांचा पैसा होता. सुमारे ६५ लाख मते मिळूनही ब्रायन हरले. १९०० आणि १९०८ मध्येही पराभवच पदरी आला.

पण पराभवाने खचणारा हा माणूस नव्हता. फिलिपाइन्स बेटे अमेरिकेने ताब्यात घेतली, तेव्हा त्यांनी साम्राज्यवादाचा निषेध केला. १९०१ मध्ये त्यांनी स्वतःचे साप्ताहिक काढले. त्याचे नावच मुळी सामान्य माणूस या अर्थाचे, द कॉमनर. १९०६ मध्ये जगप्रवासात ते हिंदुस्थानात आले आणि इथले कर, दुष्काळ व निरक्षरता पाहून ब्रिटिश राज्यावर त्यांनी कडक टीकालेख लिहिला. अमेरिकेतील गदर पक्षाच्या हिंदी क्रांतिकारकांनी तो पुढे छापून वाटला. आपल्या स्वातंत्र्यलढ्याशी त्यांचा असा संबंध आहे, हे आपल्याकडे फारसे कुणाला ठाऊक नसते. श्रीमंतांवर प्राप्तिकर, सिनेटरांची थेट लोकांकडून निवड, स्त्रियांना मताधिकार, या ज्या मागण्यांचा त्यांनी पुरस्कार केला, त्या १९१३ ते १९२० या काळात अमेरिकेच्या राज्यघटनेत दाखल झाल्या.

१९१३ मध्ये अध्यक्ष विल्सन यांनी त्यांना परराष्ट्रमंत्री केले. तंटा उद्भवल्यास लगेच शस्त्र न उचलता चौकशीसाठी काही काळ थांबावे, असे तीस करार त्यांनी निरनिराळ्या राष्ट्रांशी केले. पुढे जर्मन पाणबुडीने लुसिटानिया ही बोट बुडवली. त्यानंतरचे विल्सन यांचे धोरण देशाला युद्धाकडे नेईल असे वाटून ब्रायन यांनी जून १९१५ मध्ये मंत्रिपद सोडले. तत्त्वासाठी एवढे मोठे पद सोडणारे किती निघतील?

आता मूळ प्रश्नाकडे वळू. चार्ल्स डार्विन यांनी १८५९ मध्ये आपला ग्रंथ प्रसिद्ध केला. एकाच जातीच्या जीवांत लहानसहान फरक असतात. त्यांतील जे फरक जगायला आणि प्रजा वाढवायला उपयोगी पडतात, ते पिढ्यान्‌पिढ्या टिकून साठत जातात आणि दीर्घ काळात त्यातून नव्या जाती निर्माण होतात, असा हा सिद्धान्त. १८७१ च्या ग्रंथात डार्विन यांनी तो मनुष्यालाही लावला. परमेश्वराने मनुष्य स्वतःच्या प्रतिमेप्रमाणे घडवला, असे मानणाऱ्या ख्रिस्ती श्रद्धेला याचा धक्का बसणे स्वाभाविक होते. तरीही ब्रायन बराच काळ या वादात उतरले नव्हते. १९०४ च्या सुमारास ते व्याख्यानांतून सांगत, की मला हे मत पटत नाही, पण ते मानणाऱ्यांशी माझे भांडणही नाही.

पहिल्या महायुद्धाने त्यांचे मत पालटले. व्हर्नन केलॉग नावाचे अमेरिकन जीवशास्त्रज्ञ बेल्जियमच्या मदतकार्यात असताना जर्मन सेनाधिकाऱ्यांच्या सहवासात राहिले होते. बलिष्ठांनी दुर्बलांना चिरडणे हा निसर्गाचाच नियम आहे, अशा समजुतीवर ते अधिकारी युद्धाचे समर्थन करीत, असे केलॉग यांनी १९१७ च्या पुस्तकात लिहिले. ते वाचून ब्रायन हादरले. शेतकऱ्याला लुबाडणारे बडे भांडवलदारही जीवनकलहाचीच भाषा बोलत होते. ज्या शक्तींशी आपण आयुष्यभर झुंजलो, त्या सर्वांची मुळे डार्विनच्या विचारात आहेत, असे त्यांच्या मनाने घेतले. दुसरे कारण, कॉलेजात गेल्यावर तरुणांची ईश्वरावरील श्रद्धा कमी होते, असे जेम्स ल्यूबा या मानसशास्त्रज्ञाने पाहणी करून १९१६ मध्ये दाखवले होते. आणि तिसरे कारण त्यांच्या लोकशाहीनिष्ठेतून आले होते: शाळेचा खर्च कर भरणारे लोक करतात, तेव्हा तिथे काय शिकवावे हे त्या लोकांनीच ठरवावे, मूठभर तज्ज्ञांनी नव्हे.

ही कारणे मला हसण्यावारी नेता येत नाहीत. आमच्या घरातून कॉलेजात आलेली मी पहिलीच. शिकून पोर आपल्याला परकी होईल, देवाधर्माला नावे ठेवील, ही धास्ती माझ्या आईवडिलांच्या डोळ्यांत मी पाहिली आहे. मक्याच्या रानातल्या त्या आईबापांची धास्ती याहून काय वेगळी असणार? ब्रायन यांनी तिला वाचा दिली, म्हणून ती माणसे त्यांच्यामागे गेली.

१९२१ पासून ब्रायन यांनी डार्विनवादाविरुद्ध मोहीमच उघडली. मार्च १९२५ मध्ये टेनेसी राज्याने कायदा केला, की मनुष्य खालच्या प्राण्यांपासून उत्पन्न झाला असे सरकारी शाळांत शिकवणे हा गुन्हा होय. हा कायदा मांडणारे जॉन बटलर हे स्वतः शेतकरी. अशा कायद्यात शिक्षेची तरतूद नसावी, असा ब्रायन यांचा सल्ला होता. तो मानला गेला नाही. नागरी स्वातंत्र्यासाठी झटणाऱ्या एका संघटनेने या कायद्याची कसोटी पाहण्याचे ठरवले. डेटनमधील जॉन स्कोप्स या २४ वर्षांच्या शिक्षकाने आरोपी होण्याचे मान्य केले. योगायोग असा, की हा स्कोप्स १९१९ मध्ये सेलमच्या शाळेतून बाहेर पडला, तेव्हा त्या समारंभाचे पाहुणे होते खुद्द ब्रायन!

१० जुलै १९२५ रोजी खटला सुरू झाला. सरकारच्या बाजूने ब्रायन, तर आरोपीच्या बाजूने क्लॅरन्स डॅरो हे नामांकित वकील. १८९६ मध्ये याच डॅरोंनी ब्रायन यांचा प्रचार केला होता. खटल्याचे वृत्त रेडिओवरून ऐकवले गेले. बचावपक्षाचे साक्षीदार मेनार्ड मेटकाफ हे प्राणिशास्त्रज्ञ स्वतः श्रद्धाळू ख्रिस्ती असून बायबलचा वर्ग चालवीत. म्हणजे एकीकडे सारे धार्मिक आणि दुसरीकडे सारे नास्तिक, असा हा सामना मुळीच नव्हता. मात्र शास्त्रज्ञांची साक्ष ज्यूरीपुढे होऊ दिली गेली नाही. तेव्हा २० जुलै रोजी डॅरोंनी ब्रायन यांनाच बायबलचे जाणकार म्हणून साक्षीला बोलावले. उकाड्यामुळे त्या दिवशी न्यायालय बाहेर हिरवळीवर भरले होते. योनाला माशाने गिळले ते कसे, यहोशवासाठी सूर्य थांबला तो कसा, अशा प्रश्नांच्या फैरी झडल्या. सृष्टीचे सहा दिवस चोवीस तासांचेच असतील असे नाही, हे ब्रायन यांनी कबूल केले आणि लोक हसले. दुसऱ्या दिवशी ज्यूरीने नऊ मिनिटांत स्कोप्सला दोषी ठरवले. दंड १०० डॉलर. पाच दिवसांनी, रविवार २६ जुलै रोजी, डेटनमध्येच दुपारच्या झोपेत ब्रायन यांचे निधन झाले.

ब्रायन यांचे कुठे चुकले? माझ्या मते त्यांनी दोन वेगळ्या गोष्टींची गल्लत केली. निसर्गात काय घडते हे सांगणे एक, आणि माणसाने कसे वागावे हे ठरवणे दुसरे. नैसर्गिक निवड निसर्गातील घडामोडीचे वर्णन करते. दुर्बलाला तुडवा असा आदेश ती देत नाही. खुद्द केलॉग उत्क्रांती मानणारेच होते, तरी जर्मन अधिकाऱ्यांचे तर्कट त्यांना मान्य नव्हते. शिवाय निसर्गातील सत्य बहुमताने ठरत नाही. रेल्वेचे भाडे किती असावे हे मतपेटी ठरवू शकेल. खडकांत सापडणारे जीवाश्म आणि आज पेशींतील डीएनए जो पुरावा देतात, तो मतदानाने बदलत नाही.

तथापि त्यांची भीती निराधार नव्हती. ज्या पाठ्यपुस्तकावरून खटला झाला, त्या हंटर यांच्या पुस्तकात मानवी वंशांची उतरंड लावून गोऱ्यांना सर्वांत वर बसवले होते आणि सदोष मानलेल्या कुटुंबांची वाढ रोखण्याची भलामण केली होती. विज्ञानाच्या नावाखाली शिकवले जाणारे ते अज्ञानच होते. पण ब्रायन यांनीही या अन्यायावर नेमके बोट ठेवले नाही. सामान्यांच्या या कैवाऱ्याने काळ्या लोकांवरील अन्यायाकडे काणाडोळाच केला. १९२४ मध्ये कू क्लक्स क्लान या संघटनेचा नाव घेऊन निषेध करण्यास त्यांनी पक्षाच्या अधिवेशनात विरोध केला. त्यांच्या चरित्रावरचा हा डाग झाकता येणार नाही.

पुढे काय झाले? १९२७ मध्ये वरिष्ठ न्यायालयाने तांत्रिक कारणावरून स्कोप्सची शिक्षा रद्द केली, पण तो कायदा १९६७ पर्यंत टिकला. वृत्तपत्रांनी डॅरोंचा जयजयकार केला. प्रत्यक्षात मात्र प्रकाशकांनी पाठ्यपुस्तकांतून उत्क्रांती हा विषय हळूच आखडता घेतला आणि कित्येक वर्षे अमेरिकेतील मुले तो नीट शिकली नाहीत. १९८७ मध्ये तेथील सर्वोच्च न्यायालयाने सरकारी शाळांत सृष्टिवाद सक्तीने शिकवण्यास मनाई केली, तरी वाद मिटला नाही. हिरवळीवर हसले गेलेले लोक घरी गेले ते आपले मत घट्ट धरूनच.

आपणा शिकणाऱ्यांनी यातून एवढे तरी घ्यावे. जे सत्य आपल्याला कॉलेजात कळते, ते कुणाच्या भीतीने वा भिडेने लपवू नये. पण ते घरी नेताना समोरच्या माणसाला नेमके कशाचे भय वाटते, हे आधी ऐकून घ्यावे. बलवंतांचे राज्य येईल म्हणून भ्यालेल्या शेतकऱ्याला, उत्क्रांती खरी असूनही दुर्बलाला सांभाळणे हे माणसाचे कर्तव्यच आहे, असे कुणीतरी शांतपणे सांगायला हवे होते. डेटनमध्ये ते कुणी सांगितले नाही. आपल्या गावी ते सांगण्याची जबाबदारी आता आपली आहे.