दादासाहेब फाळके

ठाणें, कल्याण अथवा डोंबिवली येथील कोणत्याहि शाळेंत मधल्या सुटींत कान दिला तर हिंदी चित्रपटांतील एखादें गाणें ऐकूं येतेंच. कथेचा शेवट आधींच ठाऊक असतो. तरी तीच मुलें तो चित्रपट पुनः पाहावयास जातात. लोकांची ही आवड ज्यांनीं प्रथम ओळखली, ते धुंडिराज गोविंद फाळके आपल्याच लोहमार्गानें कसारा घाट चढून गेल्यावर लागणाऱ्या नाशिक प्रांतांतले. जन्म १८७० सालीं, त्र्यंबकेश्वरीं.

चित्रकला, छायाचित्रण, छपाई असे नाना उद्योग करून चाळिशी गांठल्यावर १९११ च्या सुमारास त्यांनीं गिरगांवांत ख्रिस्तचरित्रावरील मूकपट पाहिला. आम्हां ख्रिस्ती लोकांस तें चरित्र परिचयाचें. फाळक्यांस मात्र त्या पडद्यावर राम-कृष्ण दिसूं लागले. मग एकच ध्यास. अतिश्रमानें कांहीं काळ दृष्टि गेली. विम्याचें कागद गहाण टाकून १९१२ सालीं ते विलायतेस गेले व यंत्र घेऊन आले. भांडवलवाल्याची खात्री पटावी म्हणून त्यांनीं कुंडींतील वाटाण्याचा वेल वाढतांना चित्रित केला.

पत्नी सरस्वतीबाईंनीं अंगावरचे दागिने दिले. इतकेंच नव्हे, दादर येथील घरीं सर्व मंडळींचा स्वयंपाक उरकून त्या रात्रीं फिल्मच्या पट्टीस भोंकें पाडीत व ती धुण्यासहि हातभार लावीत. माझ्या मतें निम्में श्रेय या माउलीचें. पण पाटीवर नांव एकट्या फाळक्यांचें राहिलें.

'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजीं गिरगांवच्या कॉरोनेशन चित्रगृहांत लागला. स्त्रिया काम करण्यास तयार होईनात, म्हणून उपाहारगृहांतील साळुंके नामक आचारी तारामती झाला! पुढें 'लंकादहन' (१९१७) मध्यें राम तोच आणि सीताहि तोच. प्रेक्षकांस त्यांत कांहीं वावगें वाटलें नाहीं. हरिश्चंद्राची गोष्ट न ऐकलेला मनुष्य त्या काळीं विरळा. म्हणूनच मूक चित्र मराठी, गुजराथी, हिंदी अशा सर्वांस सारखेंच कळलें. पुढें काय होणार याची उत्सुकता नव्हती. ठाऊक असलेलें डोळ्यांसमोर घडतांना पाहण्याचा आनंद होता. हिंदी चित्रपट अजून त्याच आनंदावर जगतो.

१९३१ सालीं 'आलम आरा' बोलूं लागला आणि त्यांची मूक विद्या मागें पडली. 'सेतुबंधन' मूक काढून त्यास मागाहून आवाज जोडावा लागला. १९३७ सालीं कोल्हापुरास 'गंगावतरण' हा एकच बोलपट त्यांनीं केला. नंतर कोणी काम दिलें नाहीं. १६ फेब्रुवारी १९४४ रोजीं नाशिक येथें त्यांचें देहावसान झालें.