हाडांत कैद झालेला हॅरी

एमबीबीएसच्या पहिल्या वर्षाला, मग कॉलेज जळगावचं असो की धुळ्याचं, हाडांशी दोस्ती करावीच लागते. २०६ हाडं, पाठ करून डोकं पिकतं! पण एका माणसाच्या अंगात ही हाडं वाढतच गेली. हॅरी ईस्टलॅक त्याचं नाव.

हॅरीचा जन्म १९३३ सालचा, अमेरिकेतल्या फिलाडेल्फियाचा. लहानपणी पाय मोडला. प्लास्टर घातलं, पण पाय नीट बसलाच नाही. हळूहळू गुडघा, मांडी आखडायला लागली. डॉक्टरांनी तपासलं तर स्नायूंच्या जागी चक्क हाड तयार होत होतं. ते कापून काढलं, तर त्या जागी आणखी जास्त हाड उगवलं. एकामागून एक शस्त्रक्रिया झाल्या आणि प्रत्येक वेळी हेच घडलं.

या आजाराचं नाव फायब्रोडिस्प्लेसिया ऑसिफिकन्स प्रोग्रेसिव्हा, थोडक्यात एफओपी. साधारण दहा ते वीस लाखांत एखाद्यालाच तो होतो. यात नुसतं कॅल्शियम साचत नाही, तर स्नायू, स्नायुबंध यांचं खरंखुरं हाड बनतं. मार लागला, पडलं, स्नायूत इंजेक्शन टोचलं, की शरीर तिथे 'दुरुस्ती' म्हणून हाड बांधायला घेतं.

हॅरीचा पाठीचा कणा जखडला, हात छातीपाशी अडकले, शेवटी जबडाही बसला. फक्त ओठ हलायचे. नोव्हेंबर १९७३ मध्ये न्यूमोनियानं तो गेला, चाळिसावा वाढदिवस सहा दिवसांवर असताना. पण जाण्याआधी त्यानं एक गोष्ट ठरवून ठेवली होती: आपला देह संशोधनाला द्यायचा.

एरवी मांस काढलं की सांगाडा विखुरतो, तारांनी जोडावा लागतो. हॅरीचा सांगाडा मात्र बराचसा आपोआप उभा राहतो, कारण जास्तीच्या हाडांनी तो आधीच सांधलाय. फिलाडेल्फियाच्या म्युटर म्युझियममध्ये तो आजही आहे आणि एफओपीवर काम करणाऱ्या डॉक्टरांसाठी तो पाठ्यपुस्तकच ठरला.

त्याच शहरात, पेनसिल्व्हेनिया विद्यापीठात, डॉ. फ्रेडरिक कॅप्लान आणि आयलीन शोर यांच्या टीमनं २००६ मध्ये दोषी जनुक शोधलं: एसीव्हीआर१. डीएनएमधलं फक्त एक अक्षर बदललेलं! त्यामुळे प्रथिनातलं २०६ वं अमिनो आम्ल बदलतं आणि हाड बनवण्याचं बटण नको तेव्हा चालू होतं. माणसाची हाडं २०६ आणि चुकीची जागाही २०६, हा निव्वळ योगायोग. बहुतेक वेळा आई-बाबांमध्ये हा दोष नसतो, तो बाळात नव्यानंच येतो. २०२३ मध्ये अमेरिकेत पहिलं औषध मंजूर झालं. ते नवं हाड बनणं कमी करतं, पण आजार बरा करत नाही.

आता कामाची गोष्ट. या आजाराची खूण जन्मतःच दिसते: पायाचे अंगठे आखूड आणि आत वळलेले. असं बाळ असेल आणि पुढे अंगावर कडक गाठी आल्या, तर तुकडा काढून तपासण्याची घाई नको, आधी जनुक तपासणी. कारण सुईच आजार वाढवते.

आणि हॅरीसारखं देहदान करायचं मनात असेल, तर वैद्यकीय महाविद्यालयाच्या शरीररचनाशास्त्र विभागात फॉर्म मिळतो. तो भरलात की घरी मोकळेपणानं सांगा बरं का. शेवटी तिथपर्यंत न्यायचं काम घरच्यांनाच करायचं असतं.