शत्रूच्या लहरी ओळखणारा शास्त्रज्ञ

तारीख २१ जून १९४०. पॅरिस पडून आठवडा उलटला होता. लंडनमध्ये १०, डाउनिंग स्ट्रीट येथे पंतप्रधान विन्स्टन चर्चिल यांच्या अध्यक्षतेखाली हवाई दलाचे वरिष्ठ अधिकारी आणि नामांकित शास्त्रज्ञ यांची बैठक सुरू होती. बरीच चर्चा होऊन गेल्यावर २८ वर्षांचा एक तरुण दालनात शिरला. कार्यालयातील टेबलावर ठेवलेला बोलावण्याचा निरोप त्याला प्रथम सहकाऱ्यांनी केलेली थट्टाच वाटली होती. कारण अशा थट्टेत त्याचा स्वतःचाच हातखंडा होता. या तरुणाचे नाव रेजिनाल्ड व्हिक्टर जोन्स. ब्रिटनच्या हेरखात्यात पदार्थविज्ञानाला मानाचे स्थान मिळवून देणारा शास्त्रज्ञ म्हणून पुढे त्याची ओळख झाली.

जोन्स यांचा जन्म २८ सप्टेंबर १९११ रोजी दक्षिण लंडनमधील हर्न हिल येथे झाला. वडील सैन्यात सार्जंट होते. ऑक्सफर्डच्या वॅडम कॉलेजातून पदार्थविज्ञानात प्रथम श्रेणी मिळवून त्यांनी क्लॅरेंडन प्रयोगशाळेत प्रा. फ्रेडरिक लिंडमन यांच्या मार्गदर्शनाखाली १९३४ मध्ये डॉक्टरेट घेतली. १९३६ मध्ये ते हवाई मंत्रालयाच्या सेवेत दाखल झाले. अवरक्त किरणांच्या साह्याने विमान हुडकण्याचे काम त्यांच्याकडे होते. सप्टेंबर १९३९ मध्ये महायुद्धाला तोंड फुटताच शत्रूच्या शास्त्रीय तयारीचा माग काढण्यासाठी त्यांची गुप्तवार्ता विभागात नेमणूक झाली.

त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये नॉर्वेतील ब्रिटिश वकिलातीला एक निनावी टिपण मिळाले. जर्मन रडार, रॉकेट संशोधन आणि पेनेम्युंडे येथील केंद्र यांची त्यात माहिती होती. एकाच माणसाला इतके ठाऊक असणे शक्य नाही, हा सापळाच असावा, असे अनेकांचे मत पडले. जोन्स यांनी मात्र टिपण जपून ठेवले. त्यातील काही तपशील शास्त्रीयदृष्ट्या खरे आहेत, हे त्यांनी ताडले होते. ते लिहिणारे हान्स फर्डिनांड मायर हे सीमेन्स कंपनीतील शास्त्रज्ञ असल्याचे बऱ्याच वर्षांनी उघड झाले.

डाउनिंग स्ट्रीटवरील बैठकीचा विषय होता जर्मनांचा रेडिओ-झोत. एकमेकांवर किंचित चढलेल्या दोन झोतांपैकी एकात टिंबांचा, तर दुसऱ्यात रेघांचा आवाज उमटे. नेमक्या मध्यरेषेवर दोन्ही मिसळून सलग सूर ऐकू येई. त्या सुराच्या आधारे वैमानिकाला अंधारातही थेट लक्ष्यावर पोहोचता येत असे. पाडलेल्या विमानातील आंधळ्या अवतरणाचा रेडिओ गरजेपेक्षा फार संवेदनशील आहे आणि उकललेल्या एका सांकेतिक संदेशात क्लेव्ह या गावाचा उल्लेख आहे, हे दोन धागे जोन्स यांनी जुळवले होते. इतक्या दूर अशा लहरी पोहोचणारच नाहीत, असे रेडिओशास्त्रातील एका मान्यवराने सांगितल्याने शोधासाठीचे उड्डाण रद्द होण्याची वेळ आली. जोन्स यांनी पंतप्रधानांच्या आदेशाकडे बोट दाखवले. त्याच रात्री विमान उडाले आणि झोत सापडला. त्यानंतर ब्रिटिशांनी खोटे सूर प्रक्षेपित करून जर्मन वैमानिकांची वाट चुकवण्यास सुरुवात केली.

प्रत्येक वेळी असे यश आले नाही. अधिक अचूक अशी दुसरी झोत-यंत्रणा जर्मनांनी वापरात आणली. तिच्यात अडथळा आणणाऱ्या ब्रिटिश प्रक्षेपकांचा सूर सेकंदाला २००० कंपनांऐवजी १५०० वर लावला गेला होता. १४ नोव्हेंबर १९४० च्या रात्री कॉव्हेंट्री शहर जळाले आणि ५०० हून अधिक माणसे मृत्युमुखी पडली. मोजमापातील एका चुकीची किंमत किती असू शकते, याचा हा दाहक धडा होता.

फेब्रुवारी १९४२ मध्ये छत्रीधारी सैनिकांनी फ्रान्सच्या किनाऱ्यावरील ब्रुनेव्हाल येथून जर्मन रडारचे भाग पळवून आणले, तेही जोन्स यांच्या विभागाने केलेल्या शोधाच्या आधारे. धातूच्या पातळ पट्ट्या आकाशात टाकून रडार आंधळे करण्याच्या युक्तीचा त्यांनी सातत्याने पुरस्कार केला. जुलै १९४३ मध्ये हॅम्बुर्गवरील पहिल्या हल्ल्यात ती वापरली गेली, तेव्हा ७९१ पैकी केवळ १२ विमाने गमवावी लागली. मात्र त्यानंतरच्या हल्ल्यांत त्या शहरातील हजारो नागरिक होरपळून मेले. शास्त्रज्ञाच्या यशाची ही दुसरी बाजूही विसरता येत नाही.

जर्मन रॉकेटच्या प्रश्नावर जोन्स यांना आपल्या गुरूंच्याच विरोधात उभे राहावे लागले. लॉर्ड चेरवेल झालेले लिंडमन एवढे मोठे रॉकेट अशक्य मानत होते. जोन्स यांना ते जून १९४३ मध्ये पेनेम्युंडेच्या हवाई छायाचित्रात दिसले. ऑगस्टमध्ये सुमारे ६०० विमानांनी त्या केंद्रावर हल्ला चढवला. सप्टेंबर १९४४ मध्ये लंडनवर रॉकेटे कोसळू लागली आणि वादाचा निकाल लागला.

त्याआधी, जून १९४४ मध्ये लंडनवर उडते बॉम्ब येऊ लागले होते. ते शहराच्या मध्यापेक्षा अलीकडे, दक्षिणेकडे पडत. ब्रिटनच्या ताब्यातील दुहेरी हेरांकरवी चुकीची माहिती पाठवून हे बॉम्ब तसेच अलीकडे पडत राहतील, अशी योजना जोन्स यांनी मांडली. त्यामुळे दाट वस्ती वाचणार होती. पण धोका दक्षिण लंडनच्या वाट्याला जाणार होता. जोन्स यांचे आईवडील त्याच भागात राहत. हे पुरते ठाऊक असूनही त्यांनी सल्ला बदलला नाही.

युद्धानंतर शास्त्रीय गुप्तवार्तेचे काम तिन्ही सेनादलांत विभागले गेले. हे काम एकाच छत्राखाली असावे, असा आग्रह धरणारे जोन्स १९४६ मध्ये ॲबर्डीन विद्यापीठात प्राध्यापक म्हणून निघून गेले. चर्चिल पुन्हा सत्तेवर आल्यावर १९५२-५३ मध्ये त्यांनी संरक्षण मंत्रालयात शास्त्रीय गुप्तवार्ता संचालकपद सांभाळले खरे. परंतु अल्पावधीतच ते ॲबर्डीनला परतले आणि १९८१ पर्यंत तेथेच राहिले. सूक्ष्म मोजमापांची उपकरणे हा त्यांच्या संशोधनाचा विषय होता. १९७८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आठवणींच्या ग्रंथामुळे त्यांची कामगिरी सर्वसामान्य वाचकांपर्यंत पोहोचली. १९९३ मध्ये अमेरिकेच्या सीआयएने त्यांच्या नावाने पुरस्कार सुरू केला. १७ डिसेंबर १९९७ रोजी त्यांचे निधन झाले.

जोन्स यांनी बंदूक हाती धरली नाही की वेषांतर करून शत्रूच्या गोटात शिरण्याचे धाडसही केले नाही. पुरावा कोणी आणला यापेक्षा तो कसोटीला उतरतो का, हे त्यांनी पाहिले. अधिकाराच्या खुर्चीसमोर आणि प्रत्यक्ष गुरूसमोरही ही कसोटी त्यांनी सैल होऊ दिली नाही. सत्ताधाऱ्यांना रुचेल तेच सांगण्याचा मोह गुप्तवार्ता संस्थांना आजही सुटलेला नाही. म्हणूनच या शास्त्रज्ञाचे स्मरण आजही अगत्याचे ठरते.