हुद्दा नव्हे, जखम पाहणारा शल्यविशारद

अठराव्या शतकातील युरोपात लढाई थांबेपर्यंत जखमी सैनिक रणांगणावरच तडफडत पडून राहत. शस्त्रक्रिया पथके सैन्याच्या बरीच मागे असत. ती पोहोचेपर्यंत अनेकांनी प्राण सोडलेले असत. ही प्रथा मोडली फ्रेंच शल्यविशारद डोमिनिक जाँ लारे यांनी.

१७६६ मध्ये पिरेनीज पर्वतातील एका खेड्यात जन्मलेले लारे बालपणीच पोरके झाले. टूलूझमधील शल्यविशारद काकांकडे त्यांनी पहिले धडे गिरवले. १७९२ मध्ये ऱ्हाइन आघाडीवर घोड्यांनी ओढल्या जाणाऱ्या तोफांची चपळाई पाहून त्यांनी हलक्या अश्वचलित रुग्णवाहिका थेट रणधुमाळीत नेण्याची योजना आखली. उपचारांचा क्रम हुद्द्याऐवजी जखमेच्या गांभीर्यावर ठरू लागला. शत्रुसैनिकांनाही हाच नियम होता.

तेव्हा भूल देण्याची सोय नव्हती. १८१२ मध्ये बोरोदिनोच्या लढाईत त्यांनी २४ तासांत सुमारे २०० अवयवच्छेद केले. त्याच वर्षी रशियातून माघार घेताना बेरेझिना नदीच्या पुलावरील चेंगराचेंगरीतून सैनिकांनी त्यांना हातोहात पलीकडे पोहोचवले. १८१५ मध्ये वॉटर्लूला ते प्रशियन सैन्याच्या हाती पडले. मृत्यू समोर उभा असताना एका शल्यविशारदाने त्यांना ओळखले. प्रशियाचे सेनापती ब्ल्यूखर यांच्या जखमी मुलाला लारे यांनीच पूर्वी वाचवले होते. त्यांची सुटका झाली.

नेपोलियनने मृत्युपत्रात त्यांच्यासाठी एक लाख फ्रँक ठेवले. १८४२ मध्ये लारे यांचे निधन झाले. पॅरिसमधील सैनिकांच्या इन्व्हालिद या वास्तूत चिरनिद्रा घेण्याची त्यांची इच्छा तेव्हा डावलली गेली; १९९२ मध्ये, दीडशे वर्षांनी, ती पूर्ण झाली.