चषकावर कोरलेले नाव : डॅफ्नी अ‍ॅकहर्स्ट

जानेवारी महिना सरत आला की मेलबर्नमध्ये ऑस्ट्रेलियन ओपन टेनिस स्पर्धेचा महिला एकेरीचा अंतिम सामना रंगतो. तिथे संध्याकाळ असते, आपल्याकडे भर दुपार. सामना संपतो, भाषणे होतात आणि विजेतीच्या हाती दोन कानांचा चषक येतो. त्याचे पूर्ण नाव ‘डॅफ्नी अ‍ॅकहर्स्ट स्मृतिचषक’. समालोचक ते एकदा उच्चारतो आणि पुढे जातो. सेरेना विल्यम्सने हा चषक सात वेळा उचलला, अ‍ॅश बार्टीने २०२२ मध्ये एकदा. ज्या बाईच्या स्मृतीसाठी तो घडवला, ती कोण होती, हे मात्र टेनिसवर मनापासून प्रेम करणाऱ्यांनाही सहसा ठाऊक नसते.

पुरुषांच्या चषकाला नॉर्मन ब्रूक्स यांचे नाव आहे. ब्रूक्स हे १९०७ आणि १९१४ साली विम्बल्डन जिंकलेले खेळाडू. पुढे त्यांनी ऑस्ट्रेलियन टेनिस संघटनेचे अध्यक्षपद अनेक वर्षे भूषवले आणि नव्वद वर्षांचे भरगच्च आयुष्य जगून १९६८ मध्ये ते निवर्तले. स्वतःच्या नावाचा चषक दुसऱ्यांच्या हाती जाताना त्यांना उदंड वर्षे पाहता आला. डॅफ्नीच्या वाट्याला त्यांच्या आयुष्याचा तिसरा हिस्सासुद्धा आला नाही.

तिचा जन्म २२ एप्रिल १९०३ रोजी सिडनीच्या अ‍ॅशफील्ड या उपनगरात झाला. वडील ऑस्कर अ‍ॅकहर्स्ट शिळाछापाच्या व्यवसायात होते. घर मध्यमवर्गीय होते. मुलींना शिक्षण द्यावे, संगीत शिकवावे आणि थोडाफार खेळही खेळू द्यावा, अशा वळणाचे. अ‍ॅशफील्डच्याच नॉर्मनहर्स्ट शाळेत ती शिकली. शाळकरी मुलींच्या एकेरी स्पर्धेत तिने १९१७ पासून १९२० पर्यंत सलग चार वर्षे अजिंक्यपद राखले. युरोपात महायुद्ध पेटलेले होते, ऑस्ट्रेलियातून हजारो तरुण तिकडे गेले होते आणि वर्तमानपत्रांत मृतांच्या याद्या छापल्या जात होत्या. अशा काळात एका शाळकरी मुलीच्या टेनिसला कोण किती महत्त्व देणार! पण पुढे जे दिसले त्याची बीजे या चार वर्षांतच पडली असणार.

टेनिस हा तिचा एकमेव ध्यास नव्हता. सिडनीत १९१५ मध्ये न्यू साउथ वेल्सची सरकारी संगीत शाळा सुरू झाली होती. इमारत मूळची गव्हर्नरच्या घोड्यांचा तबेला, पण एखाद्या गढीसारखी बुरूजदार. तिथे डॅफ्नीने पियानोचे रीतसर शिक्षण घेतले आणि काही काळ संगीताच्या शिकवण्याही केल्या. पुढे ख्याती झाली ती रॅकेटमुळे, पण तिला चार पैसे मिळवून देणारी विद्या पियानोची होती. त्या काळी टेनिसमध्ये पैसा नव्हता असे नाही; तो घेणाऱ्याला मोठ्या स्पर्धांचे दरवाजे बंद होत, एवढेच. सुझान लांगलां ही फ्रान्सची असामान्य खेळाडू १९२६ मध्ये मानधन घेऊन खेळू लागली आणि विम्बल्डनला कायमची मुकली. ऑस्ट्रेलियन अजिंक्यपद स्पर्धा व्यावसायिक खेळाडूंसाठी खुली झाली ती १९६९ मध्ये. त्यामुळे डॅफ्नीने आयुष्यात जे काही जिंकले, त्याच्या बदल्यात बक्षिसाची रक्कम म्हणून तिला काहीही मिळाले नाही. आज तिच्या नावाच्या चषकासोबत दिला जाणारा धनादेश पाहिला की हा विरोधाभास जरा टोचतोच.

ऑस्ट्रेलियाच्या राष्ट्रीय स्पर्धेत पुरुष १९०५ पासून खेळत होते. महिलांना तिथे प्रवेश मिळाला सतरा वर्षांनी, १९२२ मध्ये. पहिल्या दोन वर्षी मॉल मोल्सवर्थ जिंकली, १९२४ मध्ये सिल्व्हिया लान्स. याच १९२४ च्या स्पर्धेत वीस वर्षांच्या डॅफ्नीने सिल्व्हियाच्या साथीने महिला दुहेरीचे आणि जिम विलार्डच्या साथीने मिश्र दुहेरीचे विजेतेपद मिळवले. एकेरीची वेळ पुढच्या वर्षी आली.

१९२५ ची स्पर्धा सिडनीच्या व्हाइट सिटी मैदानावर, म्हणजे तिच्या घरच्या अंगणात झाली. अंतिम फेरीत समोर होती मेलबर्नची एस्ना बॉइड. पहिला सेट डॅफ्नीने १-६ असा गमावला. इथे सामना संपल्यात जमा होता. दुसरा सेट मात्र ती ८-६ असा ओढून घेऊन गेली आणि तिसरा ६-४ असा जिंकली. टायब्रेकर ही सोय तेव्हा जन्मालाच आली नव्हती. दोन गेमची आघाडी मिळेपर्यंत सेट चालूच राहायचा, मग पाय थको वा न थको. तिच्या पाच अंतिम सामन्यांपैकी तीन निर्णायक तिसऱ्या सेटपर्यंत गेले आणि तिन्ही तिने जिंकले. तिचा फटका कसा होता, पदन्यास कसा होता, हे दाखवायला आज चित्रफिती हाताशी नाहीत. गुणफलक तेवढा उरला आहे आणि तो सांगतो, की ही बाई सहजासहजी हरायला तयार होत नसे.

एस्ना बॉइडबद्दल इथे दोन शब्द लिहायलाच हवेत. महिलांच्या स्पर्धेच्या पहिल्या सातही वर्षांत, १९२२ पासून १९२८ पर्यंत, ती दरवर्षी अंतिम फेरीत पोहोचली आणि जिंकली फक्त एकदा, १९२७ मध्ये. उरलेल्या सहा पराभवांपैकी तीन डॅफ्नीच्या हातून झाले : १९२५, १९२६ आणि १९२८. एवढे होऊनही १९२८ साली दुहेरीत या दोघी एकाच बाजूला उभ्या होत्या आणि विजेत्या ठरल्या. एकेरीत जिने चषक हिरावला, तिच्याच साथीने दुहेरीचा मिळवायचा! मिश्र दुहेरीच्या अंतिम फेरीतही पलीकडच्या बाजूला एस्नाच असायची होती, पण तो सामना झाला नाही. डॅफ्नी आणि तिचा जोडीदार, फ्रान्सचा झां बोरोत्रा, यांना पुढे चाल मिळाली.

पुढच्या अंतिम सामन्यांतही हेच दिसते. १९२९ मध्ये तिने लुईझ बिकर्टनला ६-१, ५-७, ६-२ असे हरवले आणि त्याच स्पर्धेत दुहेरी जिंकली ती लुईझलाच सोबत घेऊन. १९३० मध्ये अंतिम फेरीत समोर आली सिल्व्हिया, जी आता लग्नानंतर सिल्व्हिया हार्पर झाली होती. तिच्या साथीने डॅफ्नीने १९२४ आणि १९२५ मध्ये दुहेरीची विजेतेपदे मिळवली होती. त्या सामन्याचा गुणफलक १०-८, २-६, ७-५ असा आहे. अडतीस गेम! तीन अंतिम प्रतिस्पर्धी, आणि तिघीही कधी ना कधी तिच्याच बाजूने खेळलेल्या. ऑस्ट्रेलियातले महिला टेनिस त्या दशकात केवढ्याशा वर्तुळात फिरत होते, हे यावरून कळते.

नेमका याच गोष्टीवरून तिच्या यशाविषयी आक्षेपही घेता येतो. तेव्हा ऑस्ट्रेलियाला जायचे तर बोटीने. युरोपातून पाच-सहा आठवडे लागत. लांगलां तिकडे कधी फिरकली नाही, अमेरिकेची हेलन विल्सही नाही. आपापल्यातच खेळून मिळवलेल्या पाच विजेतेपदांची किंमत कितीशी धरायची? प्रश्न रास्त आहे आणि त्याला बगल देण्यात अर्थ नाही. सेरेनाची सात विजेतेपदे आणि डॅफ्नीची पाच एका तराजूत घालता येणार नाहीत. तरीही त्या काळातल्या ऑस्ट्रेलियन मुलींची खरी पातळी पाहायची तर दुसरा मार्ग होता. त्यांनी बोटीत बसून पलीकडे जायचे आणि तिथल्या मैदानांवर उतरायचे.

डॅफ्नी दोनदा गेली. ऑस्ट्रेलियाच्या महिलांचा पहिला संघ १९२५ मध्ये परदेश दौऱ्यावर निघाला, त्यात ती होती. विम्बल्डनच्या गवतावर पहिल्यांदाच उतरलेली ही मुलगी उपांत्यपूर्व फेरीपर्यंत पोहोचली. १९२८ चा दौरा मात्र तिच्या कारकिर्दीतला सर्वोच्च काळ ठरला. पॅरिसला फ्रेंच स्पर्धेत ती शेवटच्या आठांत होती. विम्बल्डनला त्याहून पुढे, शेवटच्या चारांत गेली. उरलेल्या तिघी होत्या हेलन विल्स, स्पेनची लिली द अल्वारेझ आणि दुहेरीची सम्राज्ञी मानली गेलेली एलिझाबेथ रायन. उपांत्य फेरीत अल्वारेझने डॅफ्नीला रोखले. मिश्र दुहेरीत ती जॅक क्रॉफर्डसह अंतिम सामन्यापर्यंत गेली. तो वीस वर्षांचा, ती पंचवीसची. तिथे रायन आणि पॅट्रिक स्पेन्स या जोडीने त्यांना ७-५, ६-४ असे हरवले. क्रॉफर्डने पुढे १९३३ मध्ये विम्बल्डनची पुरुष एकेरी जिंकली. ते पाहायला डॅफ्नी या जगात नव्हती.

त्या काळी संगणकीय क्रमवारी नव्हती. इंग्लंडचे टेनिस-लेखक वॉलिस मायर्स दरवर्षी आपल्या अभ्यासावरून जगातील खेळाडूंची यादी मांडत आणि तिला मोठा मान असे. १९२८ च्या यादीत त्यांनी डॅफ्नीला तिसरे स्थान दिले. वरच्या आक्षेपाला यापेक्षा चांगले उत्तर शोधायची गरज नाही.

राष्ट्रीय स्पर्धेतली तिची गोळाबेरीज अशी आहे : एकेरीची पाच, महिला दुहेरीची पाच आणि मिश्र दुहेरीची चार, अशी एकूण चौदा विजेतेपदे. त्यांतही १९२५, १९२८ आणि १९२९ या तीन वर्षी तिने एकाच स्पर्धेत तिन्ही प्रकार जिंकले. या स्पर्धेच्या शतकभराच्या इतिहासात महिला एकेरी तिच्याहून अधिक वेळा जिंकणाऱ्या फक्त तिघी आहेत. मार्गारेट कोर्ट अकरा वेळा, सेरेना सात वेळा आणि नॅन्सी विन बोल्टन सहा वेळा.

१९३० च्या जानेवारीतला तो अडतीस गेमचा सामना जिंकल्यावर महिनाभरात, २६ फेब्रुवारीला, रॉयस्टन कोझन्स या तंबाखू उत्पादकाशी तिचा विवाह झाला. पुढच्या वर्षीच्या राष्ट्रीय स्पर्धेत ती सौभाग्यवती कोझन्स या नावाने उतरली आणि लुईझ बिकर्टनबरोबर दुहेरी जिंकली. त्यानंतर तिने मोठ्या स्पर्धा सोडल्या. वय अठ्ठावीसही नव्हते. हा निर्णय सर्वस्वी तिचा होता की तशी रीतच होती, यावर आज निवाडा देणे धाडसाचे होईल. रीत मात्र तशी होती खरी. सिल्व्हिया हार्परसारख्या काहीजणी लग्नानंतरही खेळत राहिल्या, पण त्या अपवाद म्हणूनच पाहिल्या जात. डॅफ्नीच्या संसारात मूल आले, मुलगा झाला.

आणि ९ जानेवारी १९३३ रोजी सिडनीत तिचा मृत्यू झाला. कारण होते गर्भाशयाबाहेर राहिलेला गर्भ. असा गर्भ बहुधा गर्भनलिकेत वाढतो. नलिका फुटली की पोटात रक्तस्राव सुरू होतो आणि काही तासांत जीव जाऊ शकतो. यावर उपाय नव्हता असे म्हणता येत नाही. बर्मिंगहॅमच्या लॉसन टेट या शल्यविशारदाने १८८३ मध्येच अशा रुग्णावर यशस्वी शस्त्रक्रिया करून दाखवली होती. पण निदान वेळेत व्हायला हवे आणि गेलेले रक्त भरून काढता यायला हवे. गर्भ कुठे आहे हे दाखवणारी सोनोग्राफी तेव्हा नव्हती, रक्तपेढ्या नव्हत्या, पेनिसिलिन रुग्णांपर्यंत पोहोचायला अजून दशक जायचे होते. पाच वर्षांपूर्वी जगात तिसरी गणली गेलेली, शरीराने धडधाकट अशी खेळाडू. तिलाही या संकटातून बाहेर पडता आले नाही. बाळंतपणात आणि गरोदरपणात दगावलेल्या त्या पिढीतल्या असंख्य स्त्रियांची नावे घरच्यांच्या आठवणीपलीकडे कुठेच राहिली नाहीत. आपल्याकडेही हे घरोघरी घडत होते. ती गेली तेव्हा एकोणतीस वर्षांची होती. त्याच महिन्यात मेलबर्नला राष्ट्रीय स्पर्धा भरली आणि सिडनीच्या वीस वर्षांच्या जोन हार्टिगनने ती जिंकली.

तिच्या स्मरणार्थ महिला एकेरीसाठी चषक ठेवण्यात आला तो १९३४ मध्ये. त्यावर नाव घालताना ठेवणाऱ्यांनी एक गोष्ट वेगळी केली. विवाहित स्त्रीचा उल्लेख पतीच्या नावाने करण्याचा तो काळ. पहिली विजेती मोल्सवर्थ आपल्याला सासरच्या आडनावानेच माहीत आहे. या चषकावर मात्र कोझन्स हे आडनाव आले नाही. ज्या नावाने ती पाच वेळा जिंकली, तेच माहेरचे नाव तिथे कोरले गेले. यामागे काही विचार होता की केवळ लोकांच्या तोंडी बसलेले नाव घेतले गेले, कोण जाणे. पण झाले ते योग्यच झाले, असे वाटते. ऑस्ट्रेलियन टेनिसच्या सन्मान दालनात तिचा समावेश व्हायला मात्र २००६ साल उजाडावे लागले.

१९३४ ची ती स्पर्धा सिडनीच्या व्हाइट सिटी मैदानावर झाली. नऊ वर्षांपूर्वी डॅफ्नीने पहिला सेट १-६ असा गमावून सामना फिरवला होता, त्याच ठिकाणी. अंतिम फेरीत एका बाजूला होती जोन हार्टिगन आणि दुसऱ्या बाजूला मॉल मोल्सवर्थ, १९२२ ची पहिली अजिंक्यवीर, आता एकोणचाळीस वर्षांची. हार्टिगनने ६-१, ६-४ अशी बाजी मारली आणि डॅफ्नी अ‍ॅकहर्स्ट स्मृतिचषकाच्या विजेत्यांत पहिले नाव तिचे लागले.