भंडाऱ्याच्या जंगलातल्या अस्वलाला ‘स्लॉथ’ करून टाकणारे जॉर्ज शॉ

भंडारा जिल्ह्यातल्या साकोली तालुक्यात सानगडी आहे. एकीकडे नागझिऱ्याचं जंगल, दुसरीकडे नवेगावचं. मार्च-एप्रिलमध्ये मोहफुलं गळायला लागली की या पट्ट्यातली माणसं पहाटेच टोपल्या घेऊन जंगलात जातात. मोहफुलं अस्वलालाही तेवढीच आवडतात, त्यामुळे दोघांची गाठ पडते. अंगावर धावून आलेलं अस्वल माणसाला पळून गाठू देत नाही, हे तिथं लहान पोरालाही ठाऊक असतं.

पण याच अस्वलाला इंग्रजीत म्हणतात ‘स्लॉथ बेअर’. स्लॉथ म्हणजे दक्षिण अमेरिकेत झाडाला उलटा लटकून दिवस काढणारा, जगातला सगळ्यात संथ प्राण्यांपैकी एक. मग आपल्या चपळ अस्वलाच्या गळ्यात हे नाव आलं कुठून?

तर हा घोळ घातला जॉर्ज शॉ नावाच्या इंग्रज शास्त्रज्ञाने.

शॉ यांचा जन्म 1751 चा, इंग्लंडमधल्या बिअर्टन गावचा. वडील पाद्री. पोरगाही ऑक्सफर्डला शिकला, 1772 मध्ये एम. ए. झाला आणि वडिलांच्याच वाटेने चर्चमध्ये गेला. पण मन रमलं नाही. मग एडिंबरोला जाऊन वैद्यक शिकले, ऑक्सफर्डला परत येऊन वनस्पतीशास्त्र शिकवू लागले. तिथं प्राध्यापक व्हायची संधी आली, तर नियम आडवा आला. चर्चची दीक्षा घेतलेल्या माणसाला ते पद मिळत नव्हतं. जे काम सोडलं, त्यानेच वाट अडवली.

शेवटी शॉ लंडनला आले आणि डॉक्टरकी करू लागले. 1788 मध्ये लिनियन सोसायटी उभी राहिली, तिच्या संस्थापकांत ते होते. 1791 मध्ये ब्रिटिश म्युझियममध्ये नोकरी लागली. जगभरातून जहाजांनी येणारी कातडी, हाडं, पेंढा भरलेले प्राणी बघायचे, ओळखायचे, नाव द्यायचं. ऐकायला भारी वाटतं, पण तिथले जुने नमुने कुजायचे आणि जाळून टाकावे लागायचे.

त्याच 1791 सालात शॉ यांनी बंगालकडून आलेल्या एका केसाळ काळ्या प्राण्याचं वर्णन छापलं. लांब वाकडी नखं आणि वरच्या जबड्यात पुढचे मधले दोन दात नाहीत. स्लॉथची नखंही अशीच लांब आणि समोरचे दात त्यालाही नसतात. झालं, शॉ यांनी नाव दिलं ब्रॅडिपस उर्सिनस, म्हणजे अस्वलासारखा दिसणारा स्लॉथ.

शॉ यांना अगदीच वेड्यात काढायचं कारण नाही. तेव्हा वर्गीकरण दात आणि नखं बघूनच व्हायचं. खुद्द लिनियसने 1758 मध्ये स्लॉथ, खवले मांजर आणि हत्ती एकाच गटात बसवले होते. आज आपल्याला माहितीय की स्लॉथचे खरे नातेवाईक म्हणजे अमेरिकेतले मुंगीखाऊ आणि आर्माडिलो. खवले मांजराचा त्यांच्याशी काही संबंध नाही, उलट ते वाघ-कुत्र्यांच्या गटाला जवळचं.

आणि अस्वलाच्या त्या दोन दातांचं काय? तीच तर त्याची युक्ती आहे. नखांनी वारूळ फोडायचं, फुंकर मारून माती उडवायची, नाकपुड्या बंद करायच्या आणि दातांच्या फटीतून वाळवी ओढून घ्यायची. नखं लटकण्यासाठी नाहीत, खणण्यासाठी आहेत. जंगलात एकदा पाहिलं असतं तर कळलं असतं, पण शॉ बसले होते लंडनमध्ये.

दोनच वर्षांत, 1793 मध्ये, मायर नावाच्या जर्मन अभ्यासकाने हे अस्वलच आहे म्हणून मेलुर्सस असं नवीन नाव दिलं.

गंमत बघा, 1799 मध्ये याच शॉ यांच्याकडे ऑस्ट्रेलियातून बदकाची चोच आणि अंगावर केस असलेलं एक कातडं आलं. या वेळी त्यांनी डोळे झाकून विश्वास ठेवला नाही. कुणी चोच शिवून फसवतंय का, हे बघायला त्यांनी कातड्याला कात्री लावली असं सांगतात. टाके सापडले नाहीत. तो होता प्लॅटिपस, आणि त्याचं पहिलं शास्त्रीय वर्णन शॉ यांच्या नावावर आहे.

1807 मध्ये ते म्युझियमच्या निसर्ग विभागाचे प्रमुख झाले आणि 1813 मध्ये वारले, तोवर त्याच पदावर होते.

प्राण्याच्या शास्त्रीय नावाचा दुसरा शब्द मात्र पहिल्यांदा नाव देणाऱ्याचाच टिकतो, असा नियम आहे. म्हणून नागझिऱ्यात वारूळ फोडणारं अस्वल आजही मेलुर्सस उर्सिनस आहे. त्यातलं मेलुर्सस मायरचं, उर्सिनस शॉ यांचं. शॉ यांनी स्लॉथला अस्वलासारखा म्हणून जो शब्द जोडला, त्याने आता अस्वललाच अस्वलासारखं म्हटलं जातं.